नागपुरात राहून कॅमेरा चालवते: मला वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी स्वतंत्र सिनेमॅटोग्राफर आहे. माहितीपट जास्त, छोटे सिनेमे कमी, आणि महिना अडला की कंपनीची फिल्म किंवा लग्न. घर नागपुरात, काम गडचिरोलीपासून मेळघाटापर्यंत. चौदा वर्षांत हेच प्रश्न फोनवर, टपरीवर, कॉलेजांच्या कार्यक्रमांत इतक्यांदा आले की एकदाचं लिहून ठेवावं म्हटलं. उत्तरं माझ्या अनुभवातली आहेत. दुसरा कॅमेरावाला वेगळी देईल, त्याचीही ऐका.

सिनेमॅटोग्राफर म्हणजे कॅमेरामनच ना?

मोठ्या सिनेमाच्या सेटवर नाही. तिथं कॅमेरा हातात धरणारा ऑपरेटर वेगळा, फोकस ओढणारा वेगळा, दिव्यांची फौज सांभाळणारा गॅफर वेगळा. प्रकाश कुठून यावा, लेन्स कोणती, कॅमेरा किती उंचीवर, रंग कसा, हे ठरवणारा तो सिनेमॅटोग्राफर. सेटवर त्याला डीओपी, म्हणजे डायरेक्टर ऑफ फोटोग्राफी म्हणतात. माहितीपटात ही सगळी माणसं एकाच अंगात संचारतात. दिवा मीच लावते, फोकस मीच बघते, गाडीत सामान मीच भरते आणि साउंडवाला आजारी पडला तर पदराला माइकही मीच लावते.

गावात उतरलं की पहिला प्रश्न ठरलेला असतो: "कॅमेरामन कुठं आहे जी?" सुरुवातीला मी चिडायची. आता म्हणते, "मीच आहे काकाजी. चहा मिळेल का?"

मुंबईला जावंच लागतं का?

फिक्शनमध्ये, म्हणजे कथापटांत आणि मालिकांत, जम बसवायचा असेल तर काही वर्षं तरी काढावी लागतात. तिथल्या मोठ्या सेटवर उभं राहायला वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशनचं कार्ड विचारतात. ओळखी सेटवरच होतात, आणि पुढचं काम त्या ओळखीतूनच मिळतं. मीही गेले होते. अडीच वर्षं असिस्टंट म्हणून लेन्सच्या पेट्या उचलल्या, कॅमेरा रिपोर्ट भरले, चार जणींत एक खोली घेतली.

परत आले ती काही फार विचार करून नाही. वडिलांचं ऑपरेशन होतं, दोन महिन्यांसाठी आले. त्या दोन महिन्यांत तीन वेगवेगळ्या टीम विदर्भात शूटला आल्या आणि तिघांनाही इथली भाषा येणारा कॅमेरा हवा होता. तेव्हा डोक्यात उजेड पडला. माहितीपटवाले ज्या विषयांच्या मागे असतात, त्यांतले निम्मे माझ्या घरापासून चार-पाच तासांच्या आत आहेत. यवतमाळचा कापूस, चंद्रपूरचा कोळसा, ताडोबाचा वाघ, मेळघाटातलं कुपोषण, दीक्षाभूमीवरचा जनसागर. सामूहिक वनहक्क २००९ मध्ये मिळवणारं गडचिरोलीतलं मेंढा (लेखा) गाव आहे, दिवाळीनंतर वडशाहून गावोगाव निघणारी पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीची नाटकं आहेत. दिल्लीच्या टीमचा पहिला दिवस प्रवासात आणि हॉटेल शोधण्यात जातो. मी पहाटे पाचला घरून निघते आणि आठला यवतमाळात पोहे खात असते.

मात्र इथं राहून कथापटाची वाट बघत बसू नका. नागराज मंजुळे यांचा 'झुंड' नागपुरात चित्रित झाला, कॅमेरा सुधाकर रेड्डी यक्कंटी यांचा. २०२२ मध्ये तो आला तेव्हा शहरातल्या निम्म्या पोरांना वाटलं, आता इंडस्ट्रीच इकडे येणार. शूट संपलं की ट्रक निघून जातात. मागे राहतात सेटवर तीन महिने धावपळ करून काम शिकलेली पंचवीसेक पोरं. ती मात्र कामाची असतात, त्यातले दोघं आज माझ्याबरोबर आहेत.

कोर्स कुठला करावा? कोर्सशिवाय होतं का?

पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट, म्हणजे एफटीआयआय, १९६० पासून आहे, कोलकात्याची सत्यजित राय संस्था १९९५ पासून. दोन्हीकडे सिनेमॅटोग्राफीचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, त्यासाठी पदवी लागते आणि प्रवेश परीक्षा असते. मिळत असेल तर जा. तिथं तीन वर्षं चुका करायला मिळतात आणि त्यांचे पैसे निर्मात्याला मोजावे लागत नाहीत. एफटीआयआय छोटे अभ्यासक्रमही घेते, काही पुण्याबाहेर असतात.

मी कुठल्याच फिल्म स्कूलची नाही. माझी शाळा म्हणजे नागपूरच्या महाल भागातला काकांचा फोटो स्टुडिओ. दोन दिवे, एक थर्माकोल, मागे आकाशी पडदा. पासपोर्टचा फोटो काढताना काका म्हणायचे, "नाकाची सावली ओठाला लागली का बघ." बस्स, एवढंच. सावली ओठाला लागली की माणूस दमलेला दिसतो, गालावर थांबली की ताजातवाना. त्या एका वाक्यावर माझी पहिली पाच वर्षं निघाली. बाकीचं मॅन्युअल वाचून, आणि दुसऱ्यांच्या सेटवर तोंड बंद ठेवून.

कॅमेरा कोणता घ्यावा?

सर्वात जास्त विचारला जाणारा आणि सर्वात कमी महत्त्वाचा प्रश्न. आधी घेऊच नका. नागपुरात लग्नांच्या धंद्यामुळे मिररलेस कॅमेरे भाड्याने सहज मिळतात. सहा महिने वेगवेगळे वापरा. घ्यायचीच वेळ आली तर आधी आवाजाचं सामान घ्या, मग चांगला ट्रायपॉड, मग लेन्स. बॉडी, म्हणजे नुसता कॅमेरा, शेवटी. बॉडी तीन वर्षांत जुनी होते. ट्रायपॉड माझा अकरा वर्षांचा आहे आणि अजून कुरकुरत नाही.

माझ्याकडे सोनीचा एफएक्स ३ आहे, कारण तो लहान आहे आणि त्याच्या पोटात पंखा आहे. घरात बसलेल्या माणसासमोर मोठा कॅमेरा आला की तो माणूस सावरून बसतो, आवाजही बदलतो. अलेक्सासारखा मोठ्या सिनेमांचा कॅमेरा लागला तर मुंबईहून किंवा पाचशे किलोमीटरवरच्या हैदराबादहून मागवावा लागतो. सोबत तो सांभाळणारा अटेंडंट येतो. त्याचा रोज, भत्ता, जाण्या-येण्याचे दिवसही भाड्यात धरावे लागतात. नवे निर्माते हे हमखास विसरतात.

दोन हिशेब पाठ करून ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. म्हणून सेकंदाला २५ फ्रेम असताना शटर १/५० सेकंद ठेवलं की ट्यूबलाइट आणि स्वस्तातले एलईडी सहसा लुकलुकत नाहीत. लुकलुकले तर १/१०० करून बघा. दुसरा हिशेब कार्डाचा. सेकंदाला १०० मेगाबिटवर तासाला ४५ जीबी लागतात, २५० मेगाबिटवर ११२ च्या वर. आठ दिवसांच्या शूटला रोज तीन तास फुटेज धरलं तर किती हार्ड डिस्क लागतील ते निघण्याआधी मोजा. प्रत्येक गोष्टीच्या दोन प्रती दोन वेगळ्या डिस्कवर, आणि त्या दोन डिस्क दोन वेगळ्या पिशव्यांत. एकदा एसटीत माझी पिशवी बदलली गेली होती. दुसरी पिशवी असिस्टंटकडे होती म्हणून आज हे लिहिते आहे.

मोबाइलवर शिकता येतं?

येतं. एक्स्पोजर, म्हणजे उजेडाची पातळी, लॉक करायला शिका आणि झूम करू नका, चालत जवळ जा.

नागपूरचं ऊन कॅमेऱ्याला झेपतं का?

कॅमेऱ्याला झेपतं, माणसाला नाही. एप्रिल-मेमध्ये पारा ४५ च्या पुढं जातो. सकाळी साडेनऊनंतर सावल्या डोळ्यांच्या खोबणीत उतरतात, कपाळ चकाकतं आणि डोळे दिसेनासे होतात. ते साडेपाचपर्यंत सरत नाही. म्हणून उन्हाळ्यात माझं वेळापत्रक कास्तकाराचंच असतं: पहाटे वावरात, दुपारी ओसरीत, दिवस कलला की पुन्हा बाहेर.

दुपारचं घरातलं शूट मला मनापासून आवडतं. दारातून आलेलं ऊन जमिनीवर आपटतं आणि खालून चेहऱ्यावर येतं. शेणानं सारवलेली जमीन असली तर त्या प्रकाशाला मातीचा रंग येतो, कितीही महागडा दिवा आणला तरी तो रंग जमत नाही. घरकुलात पांढरी फरशी बसली की तोच प्रकाश थंड आणि निळसर होतो. मी अशा वेळी चटई मागते. घरच्यांना वाटतं मला बसायला हवी.

कापसाचं वेगळंच. दिवाळीनंतर पऱ्हाटी फुटलेली असते आणि वेचणाऱ्या बायका त्या पांढऱ्यात कमरेपर्यंत बुडालेल्या. ऑटोवर ठेवलेला कॅमेरा एवढं पांढरं बघून घाबरतो, सगळं अंधारं करतो आणि उन्हात रापलेला चेहरा काळाठिक्कर पडतो. आपल्याकडच्या कितीतरी माहितीपटांत वेचणारीचा चेहरा दिसत नाही आणि कापूस मात्र छान दिसतो. मी उजेडाची मोजणी चेहऱ्यावर करते. मागचा कापूस थोडा जळला तर जळू देते.

गरमीची काळजी: कॅमेरा गाडीच्या डिक्कीत ठेवायचा नाही, बॅटऱ्या थर्माकोलच्या डब्यात (बर्फ नको, नुसता डबा), कॅमेऱ्यावर छत्री. ओला दुपट्टा टाकलात तर पंख्याची जाळी उघडी ठेवा. पावसाळ्यात उलटी गंमत होते. एसी खोलीतून बाहेर आलं की लेन्सवर वाफ धरते. बॅग बंद ठेवून अर्धा तास बाहेर राहू द्या, तोवर तर्री-पोहे खा.

आणि मुंबईकरांसाठी खास. मुंबई-नागपूर रेखांशात सव्वासहा अंशांचा फरक आहे, अंशाला चार मिनिटं. म्हणजे सूर्य इथं सुमारे २५ मिनिटं आधी उगवतो आणि तितकाच आधी मावळतो. एका डिसेंबरात मुंबईच्या टीमने फुटाळ्यावर सूर्यास्ताचा शॉट ठेवला होता, कॉल टाइम त्यांच्या सवयीचा. आम्ही पोहोचलो तेव्हा तलावाकाठी लोक भाजलेली कणसं खात होते आणि सूर्य केव्हाच गेला होता. दिग्दर्शक माझ्याकडे बघून म्हणाला, "आपण सांगितलं का नाहीत?" सांगितलं होतं, ईमेलमध्ये.

दुःखात असलेल्या घरात कॅमेरा कसा नेता?

मला हा प्रश्न पोरंपोरी कमी विचारतात, बाहेरचे लोक जास्त. खरं तर शिकणाऱ्यांनी पहिला हाच विचारायला हवा.

यवतमाळ जिल्ह्यातलं एक घर. नवऱ्याने आत्महत्या करून सहा वर्षं झालेली. बाई शेती स्वतः करते, दोन मुलं. आम्ही चौघं उतरलो. मी कॅमेरा बॅगेतून काढलाच नाही. दिग्दर्शक अस्वस्थ, गाडीचं भाडं चालू. बाई तुरीच्या शेंगा सोलत होती, मी शेजारी बसून सोलू लागले. तासाभराने ती आपणहून बोलली, "एक सांगून ठेवतो बाई. त्यायचा फोटो हातात धराले लावू नको. आतापर्यंत तिघांनी धराले लावला."

तिच्या घरी आमच्याआधी येऊन गेलेल्या तीनही कॅमेऱ्यांनी तीच फ्रेम घेतली होती: दारात बसलेली विधवा, मांडीवर हार घातलेला फोटो. आम्हीही तीच घेणार होतो. स्क्रिप्टच्या दुसऱ्या पानावर लिहिलेली होती.

तिसऱ्या दिवशी खेडा खरेदीवाला, म्हणजे गावात येऊन माल विकत घेणारा, काटा घेऊन आला. ती त्याच्याशी वजनावरून अशी काही भांडली की तो दोन वेळा काटा सरळ करायला वाकला. तेव्हा तिनेच मान वळवून सांगितलं, "आता काढ तुझी मशीन." मी ३५ मिमीची लेन्स लावून चार पावलांवर उभी राहिले आणि अकरा मिनिटं कॅमेरा बंद केला नाही. त्या अकरा मिनिटांतली सात जशीच्या तशी सिनेमात आहेत. फोटोची फ्रेम नाही.

त्यावरून काही सवयी लागल्या. पहिला दिवस कॅमेरा बॅगेत, निर्मात्याकडून त्या दिवसाचे पैसे आधीच मान्य करून घ्यायचे. रडणाऱ्या माणसावर झूम नाही. रडू लागलं की कॅमेरा आहे तिथंच ठेवायचा, आणि थांबव म्हटलं की खरंच बंद करून लाल दिवा विझलेला दाखवायचा. भेगाळलेल्या हातांचे क्लोजअपही मी हल्ली घेत नाही. इतके घेतले गेलेत की ते कुणाचेही हात वाटतात.

संमतीपत्र लागतंच का?

लागतं, पण इंग्रजी कागदावर अंगठा घेतलात तर मी त्याला संमती म्हणणार नाही. मराठीत लिहा, वाचून दाखवा, आणि वाचून दाखवतानाचंही शूट ठेवा. हे कुठं कुठं दिसणार ते स्पष्ट सांगा: टीव्हीवर, फेस्टिव्हलमध्ये, यूट्यूबवर. यूट्यूब म्हटलं की गावात एकदम शांतता होते, कारण ते पुतण्याच्या मोबाइलवरही दिसणार. ती शांतता ऐका.

लैंगिक अत्याचारपीडित स्त्री किंवा मूल असेल तर ओळख उघड करणं कायद्याने गुन्हा आहे. मी नंतर चेहरा धूसर करण्यावर विसंबत नाही. पाठमोरं, सावलीत, किंवा चेहरा फ्रेमबाहेर ठेवूनच चित्रित करते. मूळ फुटेजमध्ये जे नाहीच, ते चुकूनही बाहेर जात नाही.

दिवसाचे किती घेता?

आकडा इथं लिहीत नाही, कारण लिहिला की दोन्हीकडून भांडण येतं. तुमचा कसा काढायचा ते सांगते. समजा घरखर्च महिना ४०,०००. किट ६ लाखांचं, तीन वर्षांत भरून काढायचं तर महिना १६,६६७. विमा, हार्ड डिस्क, दुरुस्ती, फोन मिळून ७,३३३ धरा. झाले ६४,०००. स्वतंत्र माणसाला महिन्यात सरासरी आठ दिवस काम मिळालं तरी तो नशीबवान. म्हणजे दिवसाला ८,००० च्या खाली गेलात तर तुम्ही निर्मात्याला उसने पैसे देता आहात. त्यात कर नाही, बचत नाही, आणि मे महिन्यात आजारी पडण्याची सोय नाही. रेकीचा, म्हणजे जागा आधी बघून येण्याचा दिवस आणि प्रवासाचा दिवसही मोजायचा. निम्म्या दराने मोजा, पण मोजा.

अर्धे पैसे शूटआधी, उरलेले फुटेज हातात देताना. हे मी शिकले ते महागात. मुंबईच्या एका निर्मिती संस्थेने माझ्या अकरा दिवसांचे पैसे चौदा महिने अडकवले. डिस्क मी आधीच कुरियर केली होती, त्यामुळे हातात धरायला काही उरलं नव्हतं. दर सोमवारी फोन करायची. अकाउंटवाल्या दादांशी इतकी ओळख झाली की त्यांच्या मुलीच्या लग्नाची पत्रिका आली. पैसे त्यानंतर दोन महिन्यांनी आले.

करांचं थोडक्यात: बिलातून सहसा १० टक्के टीडीएस कापला जातो, तो विवरणपत्र भरून हिशेबात धरून घ्या, तो तुमचाच पैसा आहे. वर्षाची उलाढाल २० लाखांच्या पुढं गेली की जीएसटी नोंदणी. आणि प्राप्तिकराच्या नियमांत 'फिल्म आर्टिस्ट' या व्याख्येत कॅमेरामनही येतो, त्यामुळे जमेच्या ५० टक्के उत्पन्न धरून सोपं विवरणपत्र भरण्याची सवलत आपल्याला मिळू शकते. नागपुरातल्या निम्म्या कॅमेरावाल्यांना हे ठाऊक नाही. सीएला विचारा.

शूट केलेलं फुटेज माझं असतं ना?

नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा 'कर्ता' म्हणजे निर्माता. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांना रॉयल्टीचं संरक्षण दिलं, कॅमेऱ्यामागच्यांना नाही. म्हणून जे हवं ते करारात लिहून घ्या: श्रेयनामावलीत नाव कसं येणार, शोरीलसाठी, म्हणजे आपल्या कामाच्या नमुन्यांच्या फितीसाठी, दोन मिनिटं वापरता येतील का, रंग सुधारायच्या वेळी तुम्हाला बोलावणार का. शेवटचा मुद्दा मी सर्वात आधी मागते. एकदा मी संध्याकाळी घेतलेलं वर्धा नदीचं दृश्य पडद्यावर नारिंगी-निळं होऊन आलं होतं. मला वाटलं दुसऱ्याच कुणी काढलंय.

परवानग्यांचं काय? ड्रोन उडवता येतो का?

रस्त्यावर तिपाई लावून शूट करायचं तर पोलीस आणि महापालिका. राज्यात चित्रीकरणासाठी चित्रनगरीच्या महामंडळामार्फत एक खिडकी योजना आहे, मोठ्या टीमला ती सोयीची. वन्यजीव क्षेत्रात शूट असेल तर सिव्हिल लाइन्समधलं वनभवन, अर्ज महिना-दोन महिने आधी. पावसाळ्यात व्याघ्रप्रकल्पांचा गाभा बंद असतो, 'हिरवंगार ताडोबा हवं' म्हणणाऱ्यांनी बफरवर, म्हणजे गाभ्याबाहेरच्या पट्ट्यावर, समाधान मानावं.

डिसेंबरात हिवाळी अधिवेशन असतं. हॉटेलं मिळत नाहीत, पोलीस थकलेले असतात आणि परवानगीचं पत्र कुणाच्या तरी टेबलावर पडून राहतं. उलट ज्यांना मोर्चे टिपायचे आहेत त्यांना तेव्हा दिवाळी. मॉरिस कॉलेज टी पॉइंटला उभं राहिलं की अख्खा महाराष्ट्र चालत तुमच्याकडे येतो.

ड्रोनचं गंभीरपणे घ्या. २०२१ च्या ड्रोन नियमांनुसार आधी डिजिटल स्काय या सरकारी संकेतस्थळाच्या नकाशावर झोन बघायचा. सोनेगावचा विमानतळ आणि वायुसेनेचा तळ यांमुळे शहराचा बराच भाग मनात येईल तेव्हा उडवण्याजोगा नाही. व्यावसायिक कामासाठी २५० ग्रॅमच्या वरचा ड्रोन असेल तर नोंदणी आणि रिमोट पायलट प्रमाणपत्र लागतं. "लग्नात तर सगळेच उडवतात" हे पोलीस ठाण्यात सांगून बघा. मी स्वतः ड्रोनचा शॉट क्वचित घेते. वरून सगळी गावं सारखीच दिसतात.

दीक्षाभूमीवर दसऱ्याला शूट करायचं असेल तर आदल्या दिवशी पोहोचा आणि लांब लेन्स घरी ठेवा. लाखोंच्या गर्दीत मागे सरकायला जागा नसते, २४ मिमीची रुंद लेन्स आणि मोकळे पाय एवढंच चालतं. लोक तुम्हाला जेवूही घालतात, नाही म्हणू नका. मारबतीला, म्हणजे मोठ्या पुतळ्यांच्या मिरवणुकीला, उलट सल्ला: कुणाच्या तरी गच्चीवर आधी ओळख काढून ठेवा. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काळी आणि पिवळी मारबत समोरासमोर येतात तेव्हा इतवारीच्या गल्लीत उभ्या माणसाला समोरच्याच्या पाठीपलीकडे काही दिसत नाही.

लग्नाचं शूट करणं कमीपणाचं नाही का?

ज्यांना वाटतं त्यांनी एकदा करून बघावं. मे महिना, मंडपात जनरेटरची घरघर, वरमाय रुसलेली, गुरुजींना घाई. मंगलाष्टकं संपताना अंतरपाट खाली येतो तो क्षण दोन सेकंदांचा, रीटेक नाही. नवरीचा बाप नेमका कोणत्या कोपऱ्यात जाऊन डोळे पुसणार हे आधी ओळखता आलं पाहिजे. माहितीपटाची याहून चांगली तालीम मला ठाऊक नाही. वर पैसे वेळेवर मिळतात, वधूपिता चौदा महिने लावत नाही.

मुलींना हे काम जमतं का? घरचे पाठवत नाहीत.

बी. आर. विजयालक्ष्मी १९८५ पासून तमिळ सिनेमात सिनेमॅटोग्राफर होत्या. जमतं का हा प्रश्न तेव्हाच मिटला. २०१७ पासून भारतातल्या स्त्री सिनेमॅटोग्राफर्सचा एक समूहही आहे, तिथं नव्या मुलींना वरिष्ठांशी बोलता येतं.

अडचणी वेगळ्या असतात. संडास कुठं आहे, रात्री मुक्काम कुणाकडे, परतीची शेवटची एसटी किती वाजता. हे मी रेकीतच विचारते, आणि पुरुष असिस्टंटांनाही विचारायला लावते. घरच्यांसाठी एक उपाय केला होता: आईला एका शूटला सोबत नेलं. सात तास झाडाखाली बसून ती कंटाळली आणि म्हणाली, "यात बिघडण्यासारखं काही नाही, नुसतं थांबणं आहे." त्यानंतर कधी अडवलं नाही.

फायदाही आहे, तो मी लपवत नाही. पुरुष कॅमेरावाला ओसरीवर थांबतो, मला थेट चुलीपाशी नेतात. घरातलं खरं बोलणं चुलीपाशीच होतं.

स्वतःचा माहितीपट करायचा आहे. पैसे कुठून येतात?

कॅमेरावालीला विचारू नका, मलाही अजून कळलेलं नाही. दाखवायचा कुठं ते सांगू शकते. मुंबईचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, म्हणजे मिफ, १९९० पासून आहे, केरळचा माहितीपट आणि लघुपट महोत्सव २००८ पासून, दोन्हीकडे रांगा लावून माहितीपट बघणारे लोक भेटतात. एकदा तरी त्रिवेंद्रमला जाऊन प्रेक्षकांत बसा.

तुमच्याकडे असिस्टंट म्हणून येता येईल का?

वर्षाला एखादीच जागा निघते. शोरील पाठवू नका, त्यात सगळ्यांचे सूर्यास्तच असतात. घरातल्या एखाद्या माणसाचं रोजचं काम घ्या: आजीचं वडे तळणं, बाबांचं स्कूटर पुसणं, शेजारच्या काकांचं पानठेला उघडणं. तिपाईवर एक फ्रेम, दहा मिनिटं, कट नाही, मागे गाणं नाही. काम करणाऱ्याने कॅमेऱ्याकडे बघणं कितव्या मिनिटाला सोडलं ते चिठ्ठीवर लिहून सोबत द्या. बोलावलं तर पहिले दोन महिने केबल गुंडाळायची आणि डिस्कवर तारखा टाकायच्या. रोज मिळेल, जेवण मिळेल, आणि टोपी स्वतःची आणायची.